पुनःस्थापनेचा आदेश आणि त्याची अंमलबजावणी
खाजगी शाळांतील निलंबित कर्मचारी, व्यवस्थापन आणि कायदा

शाळा न्यायाधिकरणाच्या निकालाची प्रमाणित प्रत हाती पडली की सेवेतून दूर केलेल्या शिक्षकाला वाटते, आता सारे संपले. उद्यापासून पुन्हा वर्गात उभे राहायचे. दुसऱ्या दिवशी तो शाळेच्या दारात जातो. मुख्याध्यापक सांगतात, "संस्थेचा आदेश आलेला नाही." संस्थेचे सचिव सांगतात, "कार्यकारी मंडळाची सभा व्हायची आहे." शिक्षणाधिकाऱ्यांच्या कार्यालयात उत्तर मिळते, "संस्थेकडून प्रस्ताव येऊ द्या." अशा रीतीने निकाल लागूनही महिने उलटतात. आदेश कागदावर राहतो आणि शिक्षक रस्त्यावर राहतो.

हे चित्र सर्वत्र आहे असे नाही. न्यायालयाचा आदेश मिळताच सन्मानाने कर्मचाऱ्याला रुजू करून घेणाऱ्या संस्था महाराष्ट्रात पुष्कळ आहेत. परंतु जेथे अंमलबजावणी रेंगाळते तेथे बहुधा कायद्याचे अज्ञान, दुखावलेला अभिमान आणि थकबाकीची धास्ती ही तीन कारणे आढळतात. यांपैकी पहिले कारण माहितीने दूर होऊ शकते. आणि ते दूर झाले तर उरलेल्या दोहोंचे बळही पुष्कळसे कमी होते. म्हणून निलंबन, पुनःस्थापना आणि आदेशाचे पालन यांविषयीच्या तरतुदी मुख्याध्यापक, संस्थाचालक, शिक्षण खात्यातील अधिकारी व पंचायतींचे सदस्य यांनी नीट समजून घेणे अगत्याचे आहे.

कायद्याची चौकट

खाजगी शाळांतील शिक्षक व शिक्षकेतर कर्मचारी यांची नोकरी एके काळी संस्थाचालकांच्या मर्जीवर अवलंबून असे. ही अनिश्चितता दूर करण्यासाठी राज्य विधिमंडळाने महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७ हा कायदा केला. तो १५ जुलै १९८१ पासून अंमलात आला आणि त्याखालील नियमही १९८१ मध्येच करण्यात आले. शाळा अनुदानित असो वा विनाअनुदानित, हा कायदा तिला लागू होतो. अधिनियम आणि नियम यांस अनुसरून असल्याखेरीज कोणत्याही कर्मचाऱ्याला निलंबित करता येणार नाही, बडतर्फ करता येणार नाही, सेवेतून काढून टाकता येणार नाही किंवा त्याची पदावनती करता येणार नाही, असे या कायद्याच्या कलम ४ मध्ये निःसंदिग्ध शब्दांत सांगितले आहे.

याच कायद्याने शाळा न्यायाधिकरणांची स्थापना झाली. न्यायाधिकरणावर न्यायिक अधिकाऱ्याचीच नेमणूक होते. बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती किंवा पदोन्नतीत डावलले जाणे यांविरुद्ध कर्मचाऱ्याला आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांच्या आत अपील करता येते. उशिरास पुरेसे कारण असेल तर न्यायाधिकरण तो क्षमापित करू शकते. नुसत्या निलंबनाचा या यादीत समावेश नाही, ही गोष्ट अनेकांच्या लक्षात येत नाही. निलंबनाच्या बाबतीत संरक्षण मुख्यतः नियमांतच दिलेले आहे. ते पुरेसे भक्कम आहे. परंतु त्याची माहिती असणाऱ्यालाच त्याचा उपयोग होतो.

निलंबन ही शिक्षा नव्हे

निलंबन म्हणजे दोष सिद्ध होण्यापूर्वी केलेली तात्पुरती व्यवस्था होय. कर्मचारी कामावर राहिला तर चौकशीत अडथळा येईल, साक्षीदारांवर दडपण येईल किंवा शाळेला अडचणीची परिस्थिती निर्माण होईल, असे मानण्यास सबळ कारण असावे लागते. आरोप सिद्ध झाल्यास सेवेतून काढून टाकण्यापर्यंत शिक्षा होऊ शकेल इतका तो सकृद्दर्शनी गंभीरही असला पाहिजे. कर्मचारी आणि व्यवस्थापन यांच्यातील संबंध निलंबनाने तुटत नाहीत. कर्मचारी हा कर्मचारीच राहतो. केवळ त्याने कामावर येऊ नये, एवढाच निलंबनाचा अर्थ.

म्हणूनच नियमांनी निलंबनाभोवती तीन कुंपणे घातली आहेत. पहिले कुंपण पूर्वमान्यतेचे. शाळेच्या बाबतीत शिक्षणाधिकाऱ्यांची आणि कनिष्ठ अध्यापक महाविद्यालयाच्या बाबतीत शिक्षण उपसंचालकांची परवानगी घेऊनच निलंबनाचा आदेश काढावयाचा असतो. दुसरे कुंपण मुदतीचे. सक्षम अधिकाऱ्याच्या पूर्वपरवानगीखेरीज निलंबनाचा काळ चार महिन्यांहून अधिक असू शकत नाही. तिसरे कुंपण चौकशीचे. चौकशी समितीत व्यवस्थापनाचा एक प्रतिनिधी, कर्मचाऱ्याने निवडलेला एक सदस्य आणि राज्य वा राष्ट्रीय पुरस्कारप्राप्त शिक्षकांमधील एक सदस्य असे तिघे असतात. या समितीने आपले काम १२० दिवसांत पुरे करावयाचे असते. विशेष परिस्थितीत शिक्षण उपसंचालकांच्या पूर्वमान्यतेने ही मुदत वाढविता येते.

मुदत संपूनही चौकशी अपुरी राहिली तर काय? नियमाचे उत्तर स्पष्ट आहे. कर्मचारी निलंबित राहत नाही. तो कामावर परत रुजू झाला असे मानले जाते. चौकशी मात्र पुढे चालू राहू शकते. या एका तरतुदीचे मोल मोठे आहे. निलंबन करावयाचे, चौकशी लांबवावयाची आणि माणूस थकून राजीनामा देईल याची वाट पाहावयाची, या प्रवृत्तीला तिने पायबंद घातला आहे. मुदत संपली की कर्मचाऱ्याने लेखी पत्र देऊन शाळेत हजर व्हावे आणि मुख्याध्यापकाने त्याला हजेरीपट द्यावा, हेच नियमाला धरून होईल. त्यासाठी न्यायालयाच्या आदेशाची वाट पाहण्याचे कारण नाही.

निर्वाह भत्त्याचा प्रश्न

निलंबनाच्या काळात कर्मचाऱ्याला निर्वाह भत्ता मिळतो. आरंभी तो अर्धपगारी रजेच्या वेतनाइतका असतो. निलंबनास पूर्वमान्यता घेतली असेल तर पहिल्या चार महिन्यांचा भत्ता शासनाच्या वेतन योजनेतून दिला जातो. त्यानंतरचा भार व्यवस्थापनावर असतो. पूर्वमान्यता न घेता निलंबन केले असेल तर पहिल्या दिवसापासून सारा भत्ता व्यवस्थापनालाच आपल्या तिजोरीतून द्यावा लागतो. निलंबनाचा ठराव करण्यापूर्वी प्रत्येक संस्थेने हा हिशेब डोळ्यांसमोर ठेवला तर कितीतरी प्रकरणे सुरूच होणार नाहीत.

भत्ता रोखण्याची मुभा दोनच प्रसंगी आहे : कर्मचाऱ्याने निलंबनकाळात दुसरी खाजगी नोकरी पत्करली तर, किंवा परवानगीवाचून मुख्यालय सोडले तर. अन्य कोणत्याही कारणास्तव भत्ता अडवून ठेवता येत नाही. न्यायालयांनीही या प्रश्नाकडे अत्यंत गांभीर्याने पाहिले आहे. मध्य प्रदेशातील एका वनाधिकाऱ्याची चौकशी त्याच्या निवासस्थानापासून सुमारे ५०० किलोमीटर अंतरावर ठेवण्यात आली होती आणि त्याला निर्वाह भत्ता मिळाला नव्हता. पैशाअभावी तो चौकशीस जाऊ शकला नाही. त्याला बचावाची वाजवी संधीच मिळाली नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९७३ मध्ये दिला. महाराष्ट्रातील जुन्या सेवा नियमांत अशी एक तरतूद होती की, फौजदारी गुन्ह्यात दोषी ठरलेल्या निलंबित कर्मचाऱ्याला त्याचे अपील प्रलंबित असताना दरमहा केवळ एक रुपया निर्वाह भत्ता द्यावा. १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही तरतूद घटनाबाह्य ठरविली. ज्या रकमेवर माणूस जगू शकत नाही तिला निर्वाह भत्ता म्हणता येत नाही, हा या निर्णयाचा मथितार्थ.

न्यायाधिकरणाचा आदेश

अपिलाची सुनावणी होऊन सेवासमाप्तीचा आदेश चुकीचा, बेकायदेशीर वा असमर्थनीय ठरला तर न्यायाधिकरण तो रद्द करते. कलम ११ अन्वये ते व्यवस्थापनाला निरनिराळे निदेश देऊ शकते : कर्मचाऱ्याला त्याच पदावर किंवा खालच्या पदावर सेवेत परत घ्यावे, त्याचा दर्जा पूर्ववत करावा, त्याची वेतनाची थकबाकी द्यावी, किंवा मूळ शिक्षेऐवजी सौम्य शिक्षा द्यावी. पुनःस्थापना करू नये असे ठरल्यास नुकसानभरपाईची तरतूद आहे. दहा वर्षे किंवा त्याहून अधिक सेवा झालेल्या कर्मचाऱ्याला बारा महिन्यांचे वेतन आणि त्याहून कमी सेवा झालेल्याला सहा महिन्यांचे वेतन देता येते.

आदेशाचे पालन किती दिवसांत करावयाचे ते न्यायाधिकरण आदेशातच नमूद करते. ही मुदत आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांपेक्षा कमी नसते. याचा अर्थ सभा बोलावणे, ठराव करणे, पदाची व्यवस्था लावणे यांसाठी कायद्याने स्वतःहूनच वाजवी अवधी दिला आहे. तो संपल्यावर "सभा व्हायची आहे" हे उत्तर समर्थनीय राहत नाही.

व्यवस्थापनाने थकबाकी दिली नाही तर ती त्याच्या अनुदानातून कापून घेऊन परस्पर कर्मचाऱ्याला देण्यात यावी, अशी शिफारस न्यायाधिकरण शासनाला करू शकते. वाजवी कारणाशिवाय आदेश न पाळणे हा कलम १३ अन्वये अपराध असून त्यास कारावास, दंड किंवा दोन्हीही शिक्षा होऊ शकतात.

एका शिक्षिकेचे प्रकरण

या विषयावरील अत्यंत महत्त्वाचा निर्णय महाराष्ट्रातील एका प्राथमिक शिक्षिकेच्या प्रकरणातून निर्माण झाला आहे. औरंगाबाद, म्हणजे आताचे छत्रपती संभाजीनगर, येथील महानगरपालिकेने शाळेच्या इमारतीवरील मालमत्ता कर वाढविला. या वाढीव करासाठी शिक्षकांनी दरमहा आपल्या वेतनातून रक्कम द्यावी असे त्यांना सांगण्यात आले. या शिक्षिकेने नकार दिला. त्यानंतर तिच्यावर एकामागून एक ज्ञापने बजावण्यात आली आणि नोव्हेंबर २००६ मध्ये तिला निलंबित करण्यात आले. शिक्षणाधिकाऱ्यांनी निलंबनास मान्यता दिली नाही. तरीही तिला कामावर घेतले गेले नाही. जून २००७ मध्ये तिची सेवा समाप्त करण्यात आली.

शाळा न्यायाधिकरणाने जून २००९ मध्ये सेवासमाप्ती रद्द करून तिला पूर्ण मागील वेतनासह सेवेत परत घेण्याचा आदेश दिला. उच्च न्यायालयाने पुनःस्थापना कायम ठेवली, परंतु मागील वेतनाचा भाग रद्द केला. ऑगस्ट २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा कायम केला. सेवा अन्यायाने समाप्त झाली असेल तर सेवासातत्य आणि मागील वेतनासह पुनःस्थापना हाच सर्वसाधारण नियम होय, असे न्यायालयाने सांगितले. सेवेचा काळ, सिद्ध झालेल्या गैरवर्तनाचे स्वरूप, मालकाची आर्थिक स्थिती यांसारख्या गोष्टी न्यायालय विचारात घेऊ शकते. मधल्या काळात आपल्याला नोकरी नव्हती किंवा कमी वेतनाची होती, एवढे कर्मचाऱ्याने निवेदन करावे. त्यानंतर ते खोटे आहे हे दाखविण्याची जबाबदारी मालकावर येते.

या निर्णयात आणखी एक मुद्दा मांडला आहे. अशा प्रकरणात चूक मालकाची असते आणि यातना कर्मचाऱ्याला भोगाव्या लागतात. त्यामुळे वेतनाचा बोजा कमी करून मालकाला त्याच्या चुकीचे बक्षीस देण्याचे कारण नाही. तसेच न्यायदानास लागलेल्या विलंबाचे खापर कर्मचाऱ्याच्या माथी फोडता येत नाही. करापोटी रक्कम देण्यास दिलेल्या एका नकाराची किंमत त्या शिक्षिकेने जवळजवळ सात वर्षे मोजली. अशी दुसरी शिक्षिका उभी राहू नये, हाच या निर्णयाचा धडा.

पुनःस्थापना म्हणजे निर्दोषत्व नव्हे

आदेशाचे पालन न होण्यामागे पुष्कळदा एक गैरसमज असतो. कर्मचाऱ्याला परत घेतले म्हणजे आपला आरोप खोटा होता असे आपण कबूल केले, असे व्यवस्थापनाला वाटते. वस्तुतः तसे नाही. अनेक आदेश चौकशीतील कार्यपद्धतीच्या दोषावरून रद्द होतात : समिती नियमाप्रमाणे नेमली गेली नाही, कागदपत्रे दिली गेली नाहीत, उलटतपासणीची संधी मिळाली नाही, इत्यादी. चौकशी अहवालाची प्रत न दिल्यामुळे शिक्षा रद्द झाली तर पुढील चौकशीसाठी कर्मचाऱ्याला सेवेत घ्यावे, आवश्यक वाटल्यास निलंबनाखाली ठेवावे, आणि मधल्या काळाच्या वेतनाचा निर्णय चौकशीच्या अंतिम फलितावर अवलंबून ठेवावा, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९३ मध्ये सांगितले आहे. म्हणून आदेश हाती येताच त्यातील शब्द लक्षपूर्वक वाचावेत. आदेश नव्याने चौकशीची मुभा देणारा आहे की आरोपच फेटाळणारा आहे, यावर पुढील सारे अवलंबून असते. दोन्ही प्रसंगी आदेशाप्रमाणे आधी पुनःस्थापना, मग पुढील कारवाई, हा क्रम मात्र बदलत नाही.

अपील केले म्हणजे स्थगिती मिळाली असे नाही

"आम्ही उच्च न्यायालयात गेलो आहोत" हे वाक्य अंमलबजावणी टाळण्यासाठी सर्वांत अधिक वापरले जाते. न्यायाधिकरणाचा निर्णय अधिनियमानुसार अंतिम असतो. त्याविरुद्ध राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ व २२७ खाली उच्च न्यायालयाकडे जाता येते, हे खरे. परंतु याचिका दाखल करणे आणि स्थगिती मिळणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. नुसते अपील दाखल केल्याने मूळ आदेशाला स्थगिती मिळत नाही, हे दिवाणी प्रक्रिया संहितेतही स्पष्टपणे नमूद आहे. स्थगिती हवी असेल तर ती मागावी लागते, आणि मिळेपर्यंत मूळ आदेश जिवंत असतो.

न्यायालयाच्या आदेशाचा हेतुपुरस्सर भंग हा न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ खाली दिवाणी अवमान ठरतो. त्यास सहा महिन्यांपर्यंत साधा कारावास किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. दंडाची रक्कम लहान वाटली तरी अवमानाच्या कारवाईत संस्थेच्या अध्यक्षाला वा सचिवाला, आणि प्रसंगी अधिकाऱ्यालाही, व्यक्तिशः न्यायालयासमोर उभे राहावे लागते. अवमानाची कारवाई एक वर्षाच्या आत सुरू व्हावी लागते, हे कर्मचाऱ्यानेही लक्षात ठेवावे.

कागदोपत्री पालन

आदेशाचे उघड उल्लंघन करणारे थोडे असतात; कागदोपत्री पालन करणारे अधिक. शिक्षकाला हजेरीपटावर सही करू देतात, परंतु वर्ग देत नाहीत. दिवसभर त्याला शिक्षक कक्षात बसवून ठेवतात. काही ठिकाणी रुजू करून घेतात आणि त्याच आरोपांवरून आठ दिवसांत पुन्हा निलंबित करतात. कोठे "मागील वेतनाचा हक्क सोडून देतो" असे लिहून दिल्याखेरीज रुजू करून घेत नाहीत. कोठे संस्थेच्या दूरच्या शाळेत तत्काळ बदली होते. कोठे कर्मचारी रुजू होतो, परंतु त्याचे नाव वेतनदेयकात जातच नाही.

पुनःस्थापना याचा अर्थ कर्मचाऱ्याला पूर्वीच्या स्थानी परत आणणे होय. त्यात काम, वेतन, सेवाज्येष्ठता आणि मान या चारही गोष्टी येतात. यांपैकी एक जरी रोखली तरी आदेशाचे पालन अपुरे राहते. शिक्षक हजेरीपटावर सही करून रिकामा बसला तर शाळा वेतन देते आणि विद्यार्थी अध्यापनाला मुकतात. ज्यांच्यासाठी हा सारा व्यवहार चालतो त्या मुलांचा यात काहीच अपराध नसतो.

विलंबाचा हिशेब

एक उदाहरण घेऊ. समजा, एका माध्यमिक शिक्षकाचे मासिक वेतन ६०,००० रुपये आहे. तो आठ महिने निलंबित होता व त्याला निम्मे वेतन निर्वाह भत्ता म्हणून मिळाले. त्यानंतर त्याची सेवा समाप्त झाली आणि २८ महिन्यांनी न्यायाधिकरणाने पूर्ण मागील वेतनासह पुनःस्थापनेचा आदेश दिला. निलंबनकाळातील फरक ३०,००० रुपये दराने आठ महिन्यांचा २,४०,००० रुपये होतो. पुढील २८ महिन्यांचे वेतन १६,८०,००० रुपये होते. एकूण थकबाकी १९,२०,००० रुपये. वेतनवाढी आणि महागाई भत्त्यातील वाढ यात धरलेली नाही.

आता संस्थेने आदेश पाळण्यास आणखी दहा महिने लावले, तर त्यात ६,००,००० रुपयांची भर पडून रक्कम २५,२०,००० रुपये होते. या दहा महिन्यांत शिक्षक काम करावयास तयार होता. संस्थेने ते घेतले नाही. मधल्या काळात त्या पदावर दुसऱ्या शिक्षकाचे वेतन अनुदानातून दिले गेले असेल, तर एकाच पदाचे वेतन शासनाने दोनदा का द्यावे, हा प्रश्न उभा राहतो आणि थकबाकीचा बोजा संस्थेकडे वळतो. वर्गणीतून आणि देणग्यांतून उभ्या राहिलेल्या ग्रामीण संस्थेला हा बोजा पेलणे कठीण असते. प्रयोगशाळा, वाचनालय, स्वच्छतागृह यांसाठी जमविलेला पैसा मग एका हट्टापायी खर्ची पडतो.

आदेश मिळाल्यावर कोणी काय करावे

व्यवस्थापनाने आदेशाची प्रत मिळालेली तारीख नोंदवून पालनाची अंतिम तारीख निश्चित करावी. याचिका करावयाची असेल तर त्याच मुदतीत करून स्थगितीसाठी अर्ज करावा. स्थगिती न मिळाल्यास रुजू करून घेण्याचा लेखी आदेश काढावा व त्याची प्रत शिक्षणाधिकाऱ्यांना पाठवावी. अंमलबजावणीबाबत शंका असेल तर न्यायाधिकरणाकडेच मुदतवाढ मागावी. स्वतःच मुदत वाढवून घेण्याचा अधिकार कोणालाही नाही.

मुख्याध्यापकाने रुजू अहवाल स्वीकारून त्याची पोच द्यावी, हजेरीपटावर नाव घ्यावे, वेळापत्रकात तासिका द्याव्यात, सेवापुस्तकात आदेशाची नोंद करावी आणि वेतनदेयकात नाव समाविष्ट करावे. वेतन शालार्थ प्रणालीतून निघत असल्याने त्यासाठीचा प्रस्ताव वेळेत पाठविणे महत्त्वाचे ठरते. मधल्या काळातील वेतननिश्चिती, वेतनवाढी आणि भविष्यनिर्वाह निधीची वर्गणी यांचा हिशेब एकाच वेळी तयार करावा.

शिक्षण खात्यातील अधिकाऱ्याने संस्थेच्या प्रस्तावाची निष्क्रियपणे वाट पाहू नये. न्यायाधिकरणाच्या आदेशांची स्वतंत्र नोंदवही ठेवून प्रत्येक आदेशाची पालनाची तारीख, स्थगितीची स्थिती आणि थकबाकी यांचा दरमहा आढावा घेतल्यास विलंब वेळीच ध्यानात येतो. निलंबनाच्या मान्यतेचे प्रस्तावही याच पद्धतीने हाताळले जावेत. मान्यता द्यावयाची किंवा नाकारावयाची, परंतु प्रस्ताव पडून राहू द्यावयाचा नाही.

कर्मचाऱ्याचेही कर्तव्य आहे. आदेशाची प्रत घेऊन त्याने लेखी पत्रासह रुजू होण्यास जावे आणि पोच घ्यावी. पोच नाकारली गेल्यास तेच पत्र नोंदणी डाकेने पाठवून त्याची प्रत शिक्षणाधिकाऱ्यांना द्यावी. मधल्या काळातील उत्पन्नाविषयी खरे तेच सांगावे. परतल्यानंतर जुना राग वर्गात किंवा शिक्षक कक्षात आणू नये. न्यायालयाने त्याला पद परत दिले आहे. सहकाऱ्यांचा विश्वास मात्र त्याने आपल्या कामानेच परत मिळवावयाचा असतो.

शासकीय सेवेतील स्थिती

शासकीय कर्मचाऱ्यांच्या निलंबनास महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ लागू होतात. सेवाविषयक तक्रारींसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण १९९१ पासून कार्य करीत आहे. आपल्या अवमानाबद्दल कारवाई करण्याचा अधिकारही त्याला आहे. फेब्रुवारी २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असे ठरविले की, तीन महिन्यांच्या आत दोषारोपपत्र बजावले गेले नाही तर निलंबन त्यापुढे चालू राहू नये. आणि ते बजावले असेल तर मुदतवाढीसाठी सकारण आदेश काढावा. या निर्णयास अनुसरून राज्य शासनाने जुलै २०१९ मध्ये शासन निर्णय काढला. दीर्घकाळ निलंबित ठेवलेल्या अधिकाऱ्याला जनतेच्या पैशातून भत्ता द्यावयाचा आणि काम मात्र घ्यावयाचे नाही, ही व्यवस्था कोणाच्याच हिताची नाही, हे सूत्र त्यामागे आहे.

उद्योगधंद्यांच्या क्षेत्रात हेच तत्त्व आधीच रुजले होते. औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ मध्ये १९८२ च्या दुरुस्तीने अशी तरतूद झाली की, पुनःस्थापनेच्या निवाड्याविरुद्ध मालक उच्च किंवा सर्वोच्च न्यायालयात गेला तर, दुसरी नोकरी नसलेल्या कामगाराला खटला चालू असेपर्यंत शेवटच्या वेतनाच्या दराने पूर्ण वेतन द्यावे. खटला लांबवून कामगाराला उपासमारीने नमविण्याचा मार्ग त्यामुळे पुष्कळसा बंद झाला.

गावाची जबाबदारी

ग्रामीण भागात शिक्षकाचे निलंबन ही केवळ शाळेची बाब राहत नाही. गावात दोन तट पडतात. एका तटाला शिक्षक परत यावा असे वाटते, दुसऱ्याला तो येऊ नये असे वाटते. पंचायतीचे सदस्य अनेकदा शिक्षण संस्थांच्या कार्यकारी मंडळावरही असतात. अशा वेळी त्यांनी तटापलीकडे पाहून एकच प्रश्न विचारावा : आदेशाची मुदत केव्हा संपते, आणि तोपर्यंत त्याचे पालन होणार आहे काय? सभेच्या कार्यवृत्तात हा प्रश्न नोंदविला गेला तरी पुष्कळ काम होते. तसेच निलंबनाचा ठराव सभेपुढे येईल तेव्हा मान्यता घेतली आहे काय, आरोप नेमका कोणता आणि चौकशी समिती केव्हा बसणार, ही तीन उत्तरे मिळाल्याखेरीज हात वर करू नये.

शाळेत मुले नागरिकशास्त्राच्या पुस्तकातून कायद्याचे राज्य म्हणजे काय हे शिकतात. त्याच शाळेच्या दारात न्यायालयाचा आदेश घेऊन आलेला आपला शिक्षक महिनोन् महिने उभा आहे, हे त्यांना दिसत असते. पुस्तकातील धडा खरा की दारातील दृश्य खरे, हे ती मुले आपल्या परीने ठरवितात. आदेशात नमूद केलेल्या मुदतीत त्या शिक्षकाच्या हाती हजेरीपट आणि खडू देणे, हेच त्या प्रश्नाचे योग्य उत्तर होय.